पऱ्याचं पाणी

कोंडाजी दुधाची किटली घेऊन परत आला तेव्हा ठमाबाई गोठ्यात शेण भरत होती. रोज येताना किटली रिकामी असायची, हातात हेलकावे खात यायची. आज तिचं झाकण घट्ट होतं आणि म्हाताऱ्याचा उजवा खांदा भारानं खाली आला होता.

"काय वो? टेम्पो आला नाय?"

"आलाता."

"मंग?"

कोंडाजीनं किटली ओट्यावर ठेवली, डोक्यावरची प्लास्टिकची खोळ काढून झटकली आणि भिंतीकडं बघत म्हणाला, "घेतलं नाय. पानी हाय म्हनतो. तीन दिस डिग्री लागत नाय म्हनतो."

ठमाबाईनं शेणाचे हात तसेच धरून त्याच्याकडं बघितलं. आठ-नऊ वर्षं तिच्या म्हशीचं दूध फाट्यावर जात होतं. वाडीत कुणाचं तान्हं पोर आजारलं, कुणाकडं सत्यनारायण निघाला, तर माणसं आधी तिच्या दारात यायची. पानी, आणि तिच्या दुधात!

तिनं हात धुतले, झाकण उघडलं, बोट बुडवलं. नखावरनं थेंब भरकन ओघळून गेला. जिभेला लावलं तर पाणचट लागलं.

"हे माझं दूध नाय," ती म्हणाली. "पाटं मी काढलं ते खव्यासारं व्हतं. त्यानं बदललंन. चांगलं कॅनात ओतलंन नि हे गटारपानी तुमच्या हातात दिलंन. तुमी काय करत व्हता, झोपला व्हता?"

कोंडाजी गुडघा चोळत आत जाऊन आडवा झाला.

सून रेश्मा चुलीपाशी होती. ती म्हणाली, "आई, हाशिमभाई असं करील? महापुराच्या साली रस्ता तुटला तेव्हा धा दिवस डोक्यावर कॅन घेऊन चालत आलावता तो."

"म्हनून काय झालं? मानूस बदलतं." ठमाबाईनं दूध म्हशीच्या आंबोणात ओतून टाकलं. "उद्या मी जाते. किटली घेऊन नाय. म्हस घेऊन."

"पाखाडी निसरडी हाय," आतून कोंडाजीचा आवाज आला. "कशाला जनावराला उतरवतेस? ऱ्हाऊ दे, गो."

"माझं नाव गेलंय नि ऱ्हाऊ दे म्हनता?"

त्यांची वाडी उमरठच्या वरच्या अंगाला डोंगरात होती. रस्ता खाली फाट्यापर्यंतच. तिथून वर यायला दगडी पायऱ्यांची पाखाडी, आणि मध्ये एक पऱ्या, डोंगरातला ओढा, ओलांडावा लागायचा. आठ दिवस पाऊस धरून होता. पायऱ्यांवर शेवाळ चढलं होतं, पऱ्या दगडांवरनं आपटत चालला होता.

दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता ठमाबाईनं काजळी म्हशीला दाव्याला धरून पाखाडीवर घातलं. पुढं ती, मध्ये म्हैस, मागं पारडाला ओढत रेश्मा. गुळगुळीत पायरी आली की ठमाबाई खांद्यावरचं गोणपाट तिच्यावर पसरायची, काजळीचा एकेक खूर त्यावर पडायचा, मग गोणपाट उचलून पुढच्या पायरीवर. पऱ्यात काजळी अडली. पाण्याला नाक लावून उभीच राहिली. ठमाबाईनं तिच्या कानाशी तोंड नेलं, काय बोलली कोण जाणे, आणि म्हैस पार झाली.

फाट्यावरच्या शेडमध्ये दहा-बारा माणसं किटल्या घेऊन उभी होती. हाशिमचा टेम्पो लागला होता. हाशिम पस्तिशीचा, अंगानं बारीक, मूळचा तुडीलचा, राहायला महाडात. म्हैस बघून तो खाली उतरला.

"मावशी, हे काय?"

"तुझ्या डोळ्यांम्होरं काढते. घाल तुझा मीटर."

माणसं जमली. गावकीचे पुढारी कुशाबा छत्री मिटून पुढं आले. त्यांचा पुतण्या यशराज, मुंबईची नोकरी सोडून गणपतीच्या आधीच गावी येऊन बसलेला, त्यानं मोबाईल वर धरला.

ठमाबाई उकिडवी बसली. आचळं धुतली. पण काजळी माणसांना बुजली होती, पान्हा सोडीना. नुसतीच शेपटी आपटत होती. ठमाबाईच्या तोंडावर चिखलाचा फटकारा बसला. कुणीतरी हसलं.

"काकी, बॅटरी डाऊन हाय काय म्हशीची?" यशराज म्हणाला.

ठमाबाईनं तोंड पदराला पुसलं. पारडू लावलं, दोन घोट पिऊ दिलं, मग त्याला बाजूला करून काजळीच्या पोटावर कपाळ टेकलं आणि तशीच बसली. पाऊस तिच्या पाठीवर पडत होता. आणि मग चरवीत पहिली धार वाजली.

भांडं फेसानं भरलं. हाशिमनं फेस बसू दिला, काचेची नळी दुधात सोडली. नळी वर आली, डुलली, थांबली.

"तीस," तो म्हणाला. "चांगलं हाय, मावशी. उत्तम हाय."

"आन कालचं?"

"कालचं नव्हतं. बाविसाच्या वर जाईना. मी खोटं कशाला बोलू?"

"तू नाय तर मी बोलते? का माझा मानूस बोलतो?" ठमाबाई उठून उभी राहिली. तिच्या गुडघ्यांना चिखल होता, आवाज शेडच्या पत्र्यावर आपटत होता. "माझं दूध ठेवून घेतलंस नि पाणचट म्हाताऱ्याच्या हातात दिलंस. आंधळा समजलास त्याला? चोर हायस तू!"

"काकी, परत बोला," यशराज जवळ आला. "जरा जोरात. तोंड इकडं करून."

ठमाबाईनं मोबाईलकडं तोंड केलं आणि ते परत म्हणाली, आणखी जोरात.

हाशिम नळी पुसत राहिला. टेम्पोत बसताना एवढंच म्हणाला, "मावशी, तुमच्या मानसाला विचारा." पण तेव्हा माणसं इतकी बोलत होती, की ते वाक्य कुणी कानावर घेतलं नाही. ठमाबाईनंही नाही.

संध्याकाळी मुंबईहून मुलाचा, अरविंदचा फोन आला. "आई, तुझा व्हिडिओ भांडुपपर्यंत आला गो! चार ग्रुपवर फिरतोय."

रेश्मानं तिला व्हिडिओ दाखवला. खाली लोकांनी लिहिलेलं वाचून दाखवलं. 'बाई असावी तर अशी.' 'कोकणची वाघीण.' ठमाबाई खुदकन हसली. पुढचं वाचता वाचता रेश्मा थांबली.

"वाच की."

"'ह्यांच्यावर विश्वास ठेवायचाच नसतो. आपलं दूध आपल्याच माणसाला द्या.'"

"ह्यांच्यावर म्हंजे?"

"म्हंजे हाशिमभाईच्या लोकांवर."

ठमाबाईच्या कपाळाला आठी पडली. "मी त्याला बोलले. त्याच्या लोकांचं कोन काय बोललं?"

पण ते बोलून झालं होतं, आणि तिच्या हातात राहिलं नव्हतं. दोन दिवसांत गावकी बसली. कुशाबांनी ठरवून टाकलं, वाडीतलं कुणीही त्या टेम्पोत दूध घालायचं नाही. यशराजनं दूध न्यायला पिकअप आणली. हाशिम तरीही येऊन हॉर्न वाजवत उभा राहायचा. तिसऱ्या दिवशी कुणीतरी झाडीतून दगड मारून टेम्पोची पुढची काच फोडली. मग तो यायचा बंद झाला.

यशराज मीटर वापरत नव्हता. "आपल्याच लोकांचं काय मोजायचं?" म्हणून सगळ्यांचं दूध एकाच पिंपात ओतून घ्यायचा. वाडी खूष होती. कोंडाजी पुन्हा रोज किटली घेऊन खाली जाऊ लागला.

त्या शुक्रवारी पावसानं जरा उघडीप दिली होती. ठमाबाई पाखाडीच्या कडेच्या उतारावर गवत कापायला गेली. भारा बांधून झाला, डोक्यावर घ्यायला ती वाकली, आणि खाली पऱ्यापाशी तिला कोंडाजी दिसला.

तो उभ्यानं उतरत नव्हता. पायरीवर बसायचा, हातानं खालची पायरी चाचपायचा, मग बूड सरकवून खाली यायचा, रांगत्या पोरासारखा. किटली एका हातात. पऱ्यात उतरताना त्याचा हात दगडावरनं सुटला. तो कुशीवर पडला, किटली कलंडली, झाकण निघालं, आणि पाण्यात पांढरी रेघ लांबत गेली.

ठमाबाईच्या तोंडाशी हाक आली. पण त्याआधीच कोंडाजीनं किटली उभी केली होती. आत हात घालून किती उरलं ते चाचपलं. मग त्यानं इकडं बघितलं, तिकडं बघितलं. वर, जिथं ठमाबाई उभी होती, तिथंही बघितलं. सरळ तिच्याकडं. तिला त्याचे डोळे दिसले. त्याला ती दिसली नाही.

त्यानं किटली पऱ्याला लावली. भरली. झाकण बसवलं, धोतराच्या सोग्यानं बाहेरून पुसली आणि पुढं सरकला.

ठमाबाई भाऱ्यावर बसली. विळ्याची मूठ तिच्या हातात इतकी घट्ट झाली होती, की बोटं उघडेनात. मीटर. तीस. बाविसाच्या वर जाईना. तुमच्या मानसाला विचारा. सगळं एकामागून एक तिच्या अंगावर येत राहिलं.

दुपारी जेवायला वाढलं तेव्हा ती म्हणाली, "कोपर दावा."

"का?"

"दावा म्हनते."

कोपर सोललेलं होतं. त्याच्या आतल्या बाजूला जुने, काळे पडलेले वणही होते.

"कवापासनं?"

कोंडाजीनं घास खाली ठेवला. तो ताटाकडं बघत राहिला, आणि ते तरी त्याला नीट दिसत होतं की नाही कोण जाणे.

"आषाढापासनं," तो म्हणाला. "येका पायरीच्या दोन दिसतात, गो. खरी कुठली, खोटी कुठली, पाय ठेवल्याबगर कळत नाय."

"मंग सांगायला तोंड नव्हतं?"

"काय सांगू? शेती सुटली. झाडावर चढनं सुटलं. आता किटलीपन नेता येत नाय, असं सांगू? पोर तिकडं, सून घरात, तू ह्या वयात म्हशीखाली बसतेस. मी काय करतो? येक किटली न्यायची तर." त्याचा आवाज फाटला. "पयल्या दिशी सांडलं तवा वाटलं, आजच्या दिस भागवू."

"आन मी त्याला चोर म्हनाले तवा? सगळ्या फाट्याम्होरं? घरात येऊन बडबडत व्हते तवा?"

"तवा तर जास्तीच जीभ उचलंना."

ठमाबाईनं ओरडायला तोंड उघडलं. पण समोर जो बसला होता त्याच्यावर ओरडावं असं त्याच्यात काही उरलं नव्हतं. तिनं त्याचं कोपर धुतलं, हळद लावली. मग म्हणाली, "सकाळी फाट्यावर जाऊन सांगनार हाय मी."

"आई!" रेश्मा धावत आली. "हाशिमभाईला फोन करू. त्याला सांगू, माफी मागू. वाडीत कशाला? गणपती पंधरा दिवसांवर आलाय. कुशाभावजी काय करतील ठावं हाय ना?"

"चोर फोनवर म्हनाले व्हते काय मी?"

"माझी लाज काढशील तू," कोंडाजी म्हणाला. "ह्या वयात."

"तुमची लाज झाकून ऱ्हायली नि मी दुसऱ्याची काढली. ती त्याच्या घरात जाऊन बसलीय. ती कोन काढनार?"

कोंडाजी उठला, न जेवताच ओट्यावर जाऊन बसला.

सकाळी ठमाबाई रिकाम्या हातानं उतरली. रेश्मा मागून आली. येऊ नको म्हटलं तरी आली. फाट्यावर पिकअप लागली होती. कुशाबा शेडमध्ये चहा पीत होते. यशराज पिंपात दूध ओतून घेत होता.

"यशराज, मोबाईल काढ."

"काय काकी?" तो हसला. "आज कुनाला पकडायचंय?"

"मला."

तो हसतच राहिला, पण हात खिशाकडं गेला नाही. ठमाबाई शेडच्या मधोमध जाऊन उभी राहिली.

"आयका रे सगळ्यांनी. हाशिमनं माझ्या दुधाला हात लावला नव्हता. दुधात पानी व्हतं. ते आमच्या घरचंच व्हतं. मी काढलं तवा चांगलं, पन फाट्यावर येईस्तवर त्यात पऱ्याचं पानी पडत व्हतं. त्याचा मीटर खरा व्हता. तो खरा व्हता. मी खोटी. मी त्याला चोर म्हनाले, ते शब्द माझे मी गिळते."

दूध ओतायचं थांबलं. कुशाबांनी कप खाली ठेवला.

"वयनी, चला, घरात बसून बोलू."

"घरात नाय, भावजी. बोलले ते हितं बोलले."

"झालं गेलं. दुधात चार थेंब पानी पडलं म्हनून कोनाचं काय बुडालं? आता पोराचा धंदा हुबा ऱ्हायलाय, वाडी येक झालीय. त्या टेम्पोवाल्याला दुसरी गावं कमी हायत? त्याच्यासाठी तुमी गावकीचा शब्द मोडनार?"

"गावकीनं शब्द दिला तो माझ्या खोट्यावर. खोटंच मोडलं तर वरचं कशावर ऱ्हाईल?"

कुशाबांनी आवाज उतरवला. त्यांचा उतरलेला आवाज वाडीला ठाऊक होता. "गनपती आलेत, वयनी. दारात आरतीला चार मानसं यायला पायजेत का नकोत? इचार करा. ठमीनं गावकीला खोटं पाडलं, असं व्हाया नको."

"गावकीला मी खोटं पाडत नाय. मी सोताला पाडतेय. तुमाला कशाला लागतंय?" ती यशराजकडं वळली. "काढलास का मोबाईल? त्या दिशी म्हनालास, जोरात बोला. आज बोलते हाय जोरात. धर की!"

यशराजनं पिंपाचं झाकण लावलं. "काकी, नेटवर्क नाय आज."

"नेटवर्क कशाला लागतं?" मागून आवाज आला. रेश्मा होती. घाबरून ती पांढरी पडली होती, पण तिनं आपला मोबाईल दोन्ही हातांनी छातीशी उभा धरला होता. "माझ्यात चालू हाय. आई, तुम्ही बोला परत. पहिल्यापासनं."

ठमाबाई परत बोलली. पहिल्यापासून. आणि ती 'ते आमच्या घरचंच' म्हणाली, तेव्हा पाखाडीच्या शेवटच्या पायरीवर काठी वाजली.

कोंडाजी आला होता. धोतर मागून सगळं चिखलानं माखलेलं, म्हणजे बसतच उतरला होता. काठीनं रस्ता चाचपत तो शेडपर्यंत आला. कुणाकडं तोंड करून बोलायचं ते त्याला कळेना. तो जरा चुकून शेडच्या खांबाकडं तोंड करून बोलला.

"ती मोघम बोलतेय. पानी मी घातलं. ह्या हातानं. माज्या हातनं सांडायचं, नि मी पऱ्याचं भरायचो. ठमीला ठावं नव्हतं. आता कोनाला हसायचं तर मला हसा."

कुणी हसलं नाही. पिकअपचं इंजिन तेवढं चालू होतं.

"चला," ठमाबाई म्हणाली आणि तिनं त्याचा हात धरला. भर फाट्यावर, सगळ्यांच्या देखत. चाळीस वर्षांत असा धरला नव्हता.

त्याच दिवशी ती एसटीनं महाडला गेली. हाशिमचं घर नदीच्या अंगाला, एका अरुंद गल्लीत होतं. दाराशी टेम्पो उभा, काचेला चिकटपट्ट्या मारलेल्या. त्याच्या बायकोनं, महरुन्निसानं दार उघडलं. तिनं ठमाबाईला ओळखलं. व्हिडिओत बघितलं होतं. ती दारातनं हलली नाही.

"आता काय ऱ्हायलंय?" ती म्हणाली.

"सांगायचं ऱ्हायलंय."

हाशिम बाहेर आला. ठमाबाईनं उंबऱ्याबाहेर उभ्यानं सगळं सांगितलं. पऱ्या, किटली, कोंडाजीचे डोळे. हाशिम ऐकत होता. शेवटी म्हणाला, "मला अंदाज होता, मावशी. म्हाताऱ्याच्या कपड्यांना चिखल असायचा. म्हटलं, आपन बोललो तर त्याची बेइज्जती होईल. म्हनून तीन दिवस घेतलं पन. तिसऱ्या दिवशी डेरीवाल्यानं मलाच विचारलं, पानी तू घालतोस का?"

ठमाबाईला खाली बघावं लागलं.

"डेरीनं वरचा रूट काढून घेतला. मेहविशला शाळेत पोरी चोराची मुलगी म्हनतात. दोन दिवस गेली नाय ती."

दाराच्या फटीत दहा-बारा वर्षांची मुलगी उभी होती. ठमाबाई तिच्याकडं वळली.

"बाय, तुझा बाप चोर नाय. मी खोटं बोलले. तुझ्या शाळेत येऊन सांगू?"

मुलीनं तिच्याकडं नुसतं बघितलं आणि ती आत निघून गेली. तिनं माफ केलं असं काही तिच्या तोंडावर नव्हतं.

"हे बगा, मावशी," हाशिम म्हणाला, "सुनेनं व्हिडिओ टाकलाय, तो बघितला मी. पन पहिला चाळीस गावांत फिरला. हा कोन बघनार? खरं असलं तर लोक पुढं पाठवत नाय."

"तुझा टेम्पो कुठं कुठं थांबायचा?"

"का?"

"नावं सांग. मी पाय घेऊन जाते. पाय नेटवर्कवर चालत नायत."

त्यानं सात थांबे सांगितले. महरुन्निसा आत गेली आणि पाण्याचा तांब्या घेऊन आली. तो तिनं ठमाबाईच्या हातात दिला.

पुढचे सात दिवस ठमाबाई रोज सकाळी एका थांब्यावर गेली. पहाटे धार काढायची, म्हैस रेश्मावर टाकायची, मिळेल त्या गाडीनं नाहीतर चालत जायचं. दूध घालायला आलेल्या माणसांच्या पुढं उभं राहायचं आणि तेच सांगायचं. एका ठिकाणी पोरांनी शिट्ट्या मारल्या. एका ठिकाणी कुणी म्हणालं, म्हातारीला फितवलंय. एका ठिकाणी बायकांनी सगळं ऐकून घेतलं आणि 'बरं' म्हणून किटल्या उचलल्या. कुडपणच्या वाटेवर एका म्हाताऱ्यानं तिला बसायला दगड पुसून दिला आणि विचारलं, "तुला ह्यातनं काय मिळालं गो?"

"सांगताना आवाज खाली करावा लागत नाय," ती म्हणाली. "तेवढं मिळालं."

सहाव्या दिवशी खालच्या दोन थांब्यांवरच्या माणसांनीच डेरीला फोन केला. हाशिमला अर्धा रूट परत मिळाला. वाडीच्या फाट्यापर्यंत तो येणार नव्हता. ठमाबाईनंही ये म्हटलं नाही. ती आता किटली डोक्यावर घेऊन तासभर खाली चालत जायची आणि उमरठच्या रस्त्यावर त्याच्या टेम्पोत दूध घालायची. हाशिम मीटर घालून बघायचा, डिग्री सांगायचा. जास्त बोलायचा नाही. कोंडाजीला घेऊन जायला अरविंद गणपतीला येणार होता. डोळ्यांचं बघायचं ठरलं होतं.

गणपती आले. वाडीत आरतीचा घोळका घरोघर फिरला. ढोलकी, टाळ, पोरांचा गलका. शेजारच्या चंद्रभागेच्या घरापर्यंत आला आणि ठमाबाईचं दार वगळून पुढच्या घरी गेला. अरविंदचे कान लाल झाले. तो बाहेर निघाला होता, ठमाबाईनं त्याला दंडाला धरून बसवलं.

"टाळ घे."

चौघंच होते. रेश्माला अर्धी आरती पाठ नव्हती. कोंडाजीला समोरचा गणपती धूसर दिसत होता, पण आरत्या त्याला एकूण एक पाठ होत्या. त्यानं असा आवाज लावला, की पलीकडच्या घरातल्या आरतीचा ताल चुकला. एकामागून एक, एकही गाळली नाही. सगळ्या वाडीच्या आरत्या संपल्या तरी त्या घरातनं म्हाताऱ्याचा आवाज येतच होता.

सकाळी ठमाबाईनं गूळखोबऱ्याची खिरापत ताटात घेतली, वर केळीचं पान झाकलं.

"आई, कुठं?" अरविंदनं विचारलं.

"परसाद उरलाय. वाटायला नको?"

ती प्रत्येक दारात गेली. चंद्रभागेनं इकडंतिकडं बघून पटकन घेतला. पुढच्या घरी सासूनं सुनेकडं बघितलं, सुनेनं सासूकडं, आणि दोघींनी हात पुढं केले. कुणी बोलत नव्हतं, पण देवाच्या प्रसादाला नाही म्हणायचं कसं, ते कुणाला सुचत नव्हतं.

शेवटी ती कुशाबांच्या अंगणात आली. ओट्यावर कुशाबा, यशराज आणि गावकीची दोन माणसं बसली होती. बोलणं थांबलं. कुशाबांची बायको काशीबाई दारात आली, पण नवऱ्याच्या तोंडाकडं बघून तिथंच थांबली.

ठमाबाईनं पान बाजूला केलं आणि ताट पुढं धरलं.

"परसाद हाय, भावजी."

कुशाबा मांडीवर हात ठेवून बसले होते. त्यांनी यशराजकडं बघितलं. यशराज मोबाईल बघत होता. अंगणात कोंबड्या फिरत होत्या, पागोळ्या गळत होत्या. ताट धरून ठमाबाईचे हात अवघडले, तरी तिनं ते खाली घेतलं नाही, की पुढंही सरकवलं नाही.

"वयनी," कुशाबा म्हणाले, "ठेवा तिकडं ओट्यावर."

"ओट्यावर कसा ठेवू? परसाद हातातच घ्यायचा असतो." ती म्हणाली. "मला घाई नाय. आज धार काढून झालीय."

काशीबाई उंबरा ओलांडून पुढं आली. तिनं पदर सारखा केला आणि दोन्ही हातांची ओंजळ पुढं केली. ठमाबाईनं तिच्या ओंजळीत खिरापत घातली. मग ताट परत कुशाबांच्या पुढं केलं आणि तशीच उभी राहिली, त्यांचा हात मांडीवरनं उठेपर्यंत.